टायरनन बिशपचा आवाज

रविवार, ३ ऑगस्ट

आज इथल्या मराठी मंडळाच्या कमिटीपुढे नाटक वाचलं. दोन अंकी, स्वतः लिहिलेलं, नाव 'बिशप'. वाचन संपलं तेव्हा खोलीत अशी शांतता पसरली की मला वाटलं, जिंकलो. मग आमच्या सेक्रेटरी अनुजाने चष्मा काढून पुसला आणि म्हणाली, "देवदत्त, लिहिलंयस छान. पण कोजागिरीच्या कार्यक्रमात बिशप?"

कोजागिरीला बिशप चालत नाही असं कुठे लिहिलंय, मी विचारलं.

"तसं नाही रे. लोक मसाला दूध प्यायला येतात. गेल्या वर्षीचं विनोदी होतं, किती हसले सगळे."

गेल्या वर्षीचं मीच बसवलं होतं आणि त्याची मला अजून लाज वाटते. शेवटी नाटक मंजूर झालं, कारण दुसरं कोणी काही आणलंच नव्हतं. घरी येऊन हा विजय उत्कर्षाला जरा फुगवून सांगितला. बायकोने लगेच हवा काढली.

बिशप कशाला, हे सगळे विचारणार, म्हणून एकदा इथे नीट लिहून ठेवतो. माझ्या पहिल्या जहाजावर मी फिफ्थ इंजिनिअर होतो, वय बावीस. इनास तुस्कानो सेकंड इंजिनिअर. वसईचे. पुढे ते चीफ झाले, निवृत्त होऊन भारतात न परतता इथेच, शहराच्या पश्चिम टोकाला चोआ चू कांगला राहिले, आणि मी त्यांना आजही चीफच म्हणतो. ते मला अजून 'फाइवर' म्हणतात, जहाजावर फिफ्थला म्हणतात तसं. माझे केस पांढरे झालेत याची त्यांनी दखल घेतलेली नाही.

टायरनन बिशपची गोष्ट मला त्यांनीच सांगितली, तुकड्यातुकड्याने, एका अख्ख्या सफरीत. आयर्लंडमधल्या एका कूळ शेतकऱ्याचा मुलगा. लहानपणी जमीनदाराच्या माणसांनी त्यांच्या घराचं छप्पर उतरवलेलं त्याने पाहिलं. मोठा होऊन पाद्री झाला, मग हिंदी महासागरातल्या एका उसाच्या बेटावर बिशप. तिथे वसई-कोकणातून करारावर नेलेले मजूर होते. करार संपला तरी मळेवाले त्यांना सोडत नव्हते. बिशपने गव्हर्नरच्या कौन्सिलात जागा मिळवली, वर्तमानपत्र काढलं, मळेवाल्यांशी उघड वैर घेतलं. रोमहून निरोप आला की राजकारण सोडा. त्याने नाही सोडलं. कौन्सिलात शेवटचं भाषण केलं, जागा गमावली, पण मजुरांना घेऊन जहाजं परत निघाली. त्यातल्या एका जहाजात चीफचे खापरपणजोबा बावतीस होते. तुस्कानोंच्या घरात आजही संध्याकाळची जपमाळ झाली की टायरनन बिशपसाठी 'नमो मरिया' ही प्रार्थना एकदा जास्तीची म्हणतात.

असा माणूस हाताशी असताना मी सासू-सुनेचं नाटक का करू?

रविवार, १० ऑगस्ट

पहिलं वाचन आमच्या कॉन्डोच्या फंक्शन रूममध्ये. चीफ पश्चिमेच्या टोकाहून मरीन परेडला सगळ्यांच्या आधी हजर. सोबत त्यांच्या बायकोने, फिलू वहिनींनी दिलेली वसईची सुकेळी, म्हणजे वाळवलेली केळी. पोरांनी डबा पाहता पाहता साफ केला. चीफनी एकही तुकडा घेतला नाही.

"घशाला टोचतं," म्हणाले.

गव्हर्नरच्या भूमिकेत वरुण आहे. इथे युनिव्हर्सिटीत पोस्टडॉक करतोय, नागपूरचा, आवाज असा की खालच्या स्विमिंग पूलमधली मंडळी वर बघतात. चीफ त्याच्यासमोर वाचताना जरा खरखरीत वाटले. प्रवासाने असेल. पण बिशप म्हणून उभे राहिले आणि मला माझंच नाटक नवं वाटलं. ते हातवारे करत नाहीत, नुसते बघतात. समोरचा गव्हर्नर आपोआप खुर्चीत सावरून बसतो.

मी खूश आहे. तसं चेहऱ्यावर दाखवलं नाही. दिग्दर्शकाने पहिल्याच दिवशी खूश दिसू नये.

रविवार, १७ ऑगस्ट

चीफशी भांडलो. छत्तीस वर्षांत पहिल्यांदा.

कौन्सिलातल्या शेवटच्या भाषणात बिशप मजुरांची नावं घेतो. ती नावं चीफच्या घरात तोंडी चालत आलेली आहेत, मी जशीच्या तशी घातली होती. आज वाचताना लक्षात आलं की ते मतदारयादी वाचल्यासारखं होतंय. मी म्हटलं, तीन नावं ठेवू, बाकी कापू. भाषण एकूणच निम्मं करू.

चीफ म्हणाले, "नको."

"चीफ, लोक मोबाईल काढतील."

"काढू देत. मळेवाल्यांच्या कागदात ह्या माणसांना 'हात' म्हणायचे. चाळीस हात पाठवा, साठ हात पाठवा. बिशप पहिला माणूस, ज्याने भर कौन्सिलात त्यांची नावं घेतली. तू परत हातच करणार त्यांचे?"

मग मी जरा वाकड्यात शिरलो. म्हटलं, खरं सांगा, धर्मगुरूने राजकारणात पडावं का? आज कोणी पडला तर तुम्हीच म्हणाल, देवळात बसा.

ते शांतपणे म्हणाले, "माणूस घरी जायला मागत होता, फाइवर. त्याला घरी सोडा म्हणणं हे राजकारण असेल तर असू दे. बिशपलाही शंका होत्याच. म्हणून तर रोमचं पत्र आल्यावर आठवडाभर दार लावून बसला. पण बाहेर आला तो बोलायलाच."

आणि मग जे बोलले ते मला विचित्र वाटलं. "मी तुझ्याकडे कधी काही मागितलं नाही. हे भाषण मला पूर्ण बोलायचंय."

नटाचा हट्ट! सत्तरीतही सुटत नाही. ठेवलं पूर्ण. दुसऱ्या कोणासाठी ठेवलं नसतं.

बुधवार, २७ ऑगस्ट

गणपती बसले. संध्याकाळी चीफ आणि फिलू वहिनी दर्शनाला आले. आरतीला सगळ्यात मोठा आवाज चीफचा. त्यांना सगळ्या आरत्या पाठ आहेत, जहाजावर शिकलेत. घसा फाटत होता, तरी 'घालीन लोटांगण' शेवटपर्यंत म्हटलं. वहिनी त्यांच्याकडे बघत होत्या, टाळ्या वाजवायच्या विसरून. मी उत्कर्षाला म्हटलं, वहिनींना बहुतेक आरती म्हणजे जास्तच झालं असेल. उत्कर्षा म्हणाली, "अशी कशी जास्त होईल? दरवर्षी येतात."

ते गेल्यावर मोदकांची भांडी आवरताना तिने विचारलं, "चीफचा घसा कधीपासून असा आहे?"

"एसीमुळे. इथे सगळ्यांचाच असतो."

"मे महिन्यात माझ्या वाढदिवसालाही असाच होता. डॉक्टरला दाखवलंय का, विचारलंस?"

मी म्हटलं, मी दिग्दर्शक आहे, कान-नाक-घसा तज्ज्ञ नाही. तिने पातेलं जरा जोरातच ठेवलं.

रविवार, ७ सप्टेंबर

वैताग. मागच्या रविवारी चीफ आलेच नाहीत ("जरा काम होतं"). आज आले तर आवाज आणखी खाली. मी ज्येष्ठमध आणून ठेवला होता, गरम पाण्याचा थर्मास ठेवला होता, आणि हात जोडून सांगितलं होतं की तालमीशिवाय बोलू नका. ऐकतील तर शपथ. मधल्या सुट्टीत वसईला बहिणीला फोन. मग धाकट्या भावाला. मग मेलबर्नला लेकीला फोन लावून नातीला गोष्ट, कोल्ह्याची, आवाज काढून काढून. नात दोन वर्षांची आहे, तिला काय कळणार आहे? घसा बसलाय आणि हा माणूस आवाज पाण्यासारखा उधळतोय.

वर वरुणला म्हणाले, "माझं भाषण फोनवर रेकॉर्ड करून ठेव. नीट आलं नाही तर परत घे."

मी विचारलं, कशाला? अजून तर तालीम चालू आहे.

"असू दे. नातीला मोठेपणी लागेल."

हौस तरी किती! अनुजाचा निरोप होता की नाटक जमलं तर नोव्हेंबरमध्ये दुसरा प्रयोग करू. चीफ हसून म्हणाले, "नोव्हेंबरात मला धरू नकोस." म्हणजे वसईला जायचा बेत असणार. मला आधी सांगायला काय झालं होतं?

शनिवार, १३ सप्टेंबर

आज ते केलं. लिहितो, म्हणजे डोक्यातून जाईल.

पूर्ण तालीम होती. अनुजा शेवटच्या रांगेच्या अंतरावर खुर्ची टाकून बसली होती. भाषण संपल्यावर तिने नुसती मान हलवली: काही ऐकू आलं नाही. कॉलरला माईक लावून पाहिला, तर घरघर मोठी झाली, शब्द तेवढेच राहिले. प्रयोग तीन आठवड्यांवर. नाटक फक्त माझं नाही, बारा माणसं रविवार खर्च करतायत.

चीफना बाहेर कॉरिडॉरमध्ये घेऊन गेलो आणि सांगितलं की बिशप वरुण करेल. तुम्ही रोमहून पत्र आणणारा म्हातारा पाद्री करा, एकच प्रवेश आहे, दोन वाक्यं.

मी भांडणाची तयारी ठेवली होती. ते खाली स्विमिंग पूलकडे बघत राहिले. मग म्हणाले, "बरं."

आत येऊन वरुणला शेजारी बसवलं आणि नावं कशी उच्चारायची ते शिकवलं. 'सांतान' म्हणताना शेवटच्या अक्षरावर थांबायचं नाही. 'मान्वेल' एका दमात. वरुण अवघडून गेला होता. निर्णय बरोबर आहे. दिग्दर्शकाला मैत्री बाजूला ठेवावी लागते.

रविवार, १४ सप्टेंबर

निर्णय बरोबरच आहे. जेवण गेलं नाही. उत्कर्षा काल संध्याकाळपासून माझ्याशी फक्त कामापुरतं बोलतेय.

गुरुवार, १८ सप्टेंबर



दुपारी फिलू वहिनी एकट्याच घरी आल्या. पिशवीत बिशपचा झगा, त्यांनीच शिवलेला, इस्त्री करून. म्हणाल्या, "वरुण उंच आहे. खालची शिवण सोडून देते, माप द्या."

उत्कर्षाने त्यांच्या हातातून पिशवी घेतली आणि त्यांना बसवलं. पाणी दिलं. वहिनी पाणी न पिता म्हणाल्या, "देवदत्त, तुमच्यावर राग नाही माझा. खरं तर मला आनंदच व्हायला हवा. आता ऑपरेशन लवकर करता येईल."

कसलं ऑपरेशन?

"त्यांनी सांगितलं नाही ना. मला वाटलंच." मग त्यांनी सगळं सांगितलं, खाली बघत. जुलैमध्ये कळलं. घशाचा कॅन्सर. औषधं, किरणं यांचा उपयोग नाही, तपासण्या झाल्यात. नोव्हेना भागातल्या हॉस्पिटलात स्वरयंत्र काढणार. पुढे यंत्र लावून थोडं बोलता येतं म्हणतात, पण हा आवाज परत नाही. डॉक्टरांनी सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यातली तारीख दिली होती. चीफनी विचारलं, पंधरा दिवस थांबलं तर? डॉक्टर म्हणाले, पंधरा दिवस चालतील, त्यापुढे एक दिवसही नाही. म्हणून आठ ऑक्टोबर ठरली.

"रोज तुमचं भाषण म्हणायचे," वहिनी म्हणाल्या. "आंघोळीला गेले की, भाजी चिरताना. शनिवारपासून बंद आहे. माझा जीव म्हणतो, उद्याच कापा आणि माणूस वाचवा. पण आमच्या घरात असं गप्प बसलेलं मी त्यांना कधी पाहिलं नाही हो. अजून तर आवाज आहे."

त्या रडल्या नाहीत. मी रडलो. उत्कर्षाने माझ्या पाठीवर हात ठेवला.

जहाजांची तपासणी हा माझा धंदा. पंपावर कान ठेवून बेअरिंग गेलंय का सांगतो, नव्या मुलांसमोर ऐट मारतो. ही विद्या मला दिली कोणी? ह्याच माणसाने. आणि त्याचा घसा दीड महिना माझ्या कानाशी घरघरत होता आणि मी त्याला ज्येष्ठमध देत होतो.

शुक्रवार, १९ सप्टेंबर

ऑफिस सोडून चोआ चू कांगला गेलो. चीफ त्यांच्या ब्लॉकखालच्या कॉफी शॉपमध्ये बसले होते, समोर कोपी, म्हणजे इथली कॉफी, निवून गेलेली. मला बघितलं आणि समजले.

"फिलूने सांगितलं."

मी म्हटलं, भूमिका परत घ्या.

"दयेने देऊ नकोस, फाइवर. ऐकू येत नसेल तर येत नाही. मी दिग्दर्शक असतो तर हेच केलं असतं, आणि आधीच केलं असतं."

मी आयुष्यभर दुसऱ्यांना वाक्यं लिहून देत आलो. शेवटी खरं तेच बोललो. "आवाज भिकार झालाय, चीफ. शेवटच्या रांगेत काही पोचणार नाही. पण वरुण भाषण म्हणतो तेव्हा मला वरुण दिसतो. तुम्ही म्हणता तेव्हा मला त्या माणसाची काळजी वाटायला लागते. मला तो बिशप पाहिजे." मग विचारलं, "पण ऑपरेशन? उद्या केलं तर जास्त बरं नाही का? मला तुम्ही पाहिजे आहात. नाटक गेलं खड्ड्यात."

शेजारच्या टेबलावरच्या मावशींनी टायगर बाम काढून कपाळाला लावला, तो वास आमच्यापर्यंत आला.

"दोन डॉक्टरांना विचारलंय. मी मरायला निघालेलो नाही," ते म्हणाले. "मला बरं व्हायचंय, नातीला शाळेत जाताना बघायचंय. पण आठ तारखेनंतर मी कोणाला हाक मारली तर ती माझी नसणार. लहानपणापासून हे भाषण ऐकतोय मी. आजी सांगायची, मग बाप. मी कधी कोणाला पूर्ण सांगितलं नाही. लेक इथे वाढली, तिला म्हटलं तर म्हणायची, डॅडी, too long lah. एकदा सांगू दे. मग घ्या काय घ्यायचं ते."

मी त्यांची निवलेली कोपी पिऊन टाकली. का, ते माहीत नाही.

रविवार, २१ सप्टेंबर

वरुणला सांगायच्या आधीच त्याने झगा चीफच्या अंगावर घातला. म्हणाला, "सर, मला गव्हर्नरच बरा. दुष्ट माणसाची भूमिका नागपूरकराला सोपी जाते." सगळे हसले आणि माझा जीव भांड्यात पडला. बाकीच्यांना चीफनी स्वतःच सांगितलं, चार वाक्यांत, जहाजावर बिघाड सांगतात तसं. अनुजा बाथरूममध्ये जाऊन आली.

आता त्यांना कोणी गप्प बसा म्हणत नाही. वसईला हवे तेवढे फोन करा. कोल्ह्याची गोष्ट आज मीही ऐकत बसलो. कोल्हा फारच छान काढतात.

रविवार, २८ सप्टेंबर

आवाज कुजबुजीवर आलाय. प्रयोगाला काय होणार, मला कळत नाही. वरुणने विंगेतून भाषण म्हणावं, चीफनी नुसते ओठ हलवावेत, असा तोडगा अनुजाने सुचवला. चीफनी माझ्याकडे पाहिलं. मी नाही म्हटलं. चुकतोय का मी? प्रयोग पडला तर पडला म्हणायला सोपं आहे, पण तो त्यांच्यावर पडणार. तीनशे माणसांसमोर हसं होईल आणि तीच त्यांच्या आवाजाची शेवटची आठवण राहील. हे मी उत्कर्षाला बोलून दाखवलं. ती म्हणाली, "भीती तुला वाटतेय. त्यांना नाही."

रविवार, ५ ऑक्टोबर

काल प्रयोग झाला. नीट लिहितो, काही गळू नये.

हॉल भरला होता. मागच्या बाजूला मसाला दुधाचं पिंप, त्यामुळे सगळ्यांचं अर्धं लक्ष तिकडे. पहिला अंक बरा गेला. त्यात बिशपला बोलणं कमी, मी आणखी कमी केलं होतं. वरुणने हशा वसूल केला. मी विंगेत प्रॉम्प्टिंगची वही घेऊन उभा, शर्ट पाठीला चिकटलेला.

दुसऱ्या अंकात कौन्सिल. चीफ उभे राहिले आणि बोलायला लागले. दोन वाक्यं झाली असतील. मागून कोणीतरी ओरडलं, "आवाज!"

मराठी प्रेक्षक जिथे जाईल तिथे हे ओरडणार. त्या माणसाला काही माहीत नव्हतं, त्याचा दोष नाही. लगेच दुसऱ्या कोपऱ्यातून, "आवाज! आवाज!" दोन-चार जण हसले. वरुण गव्हर्नरच्या खुर्चीत अर्धवट उठला आणि माझ्याकडे बघायला लागला. पडदा टाकणारा पोऱ्याही माझ्याकडे बघतोय. माझा हात वर गेला होता, खरं सांगतो. मी पडदा टाकणार होतो.

चीफनी प्रेक्षकांकडे पाहिलं. रागाने नाही. मग झगा एका हाताने उचलला आणि बाजूच्या पायऱ्या उतरून खाली गेले. तालमीत असं काहीच नव्हतं. प्रकाश रंगमंचावर, आणि बिशप अंधारात, खुर्च्यांच्या मधल्या वाटेत. कोणीतरी हॉलचे दिवे लावले. नंतर कळलं, अनुजाने.

ते मधोमध जाऊन उभे राहिले आणि भाषण पहिल्यापासून सुरू केलं, जेवढा आवाज होता तेवढ्यात. पुढच्या रांगांतले लोक खुर्चीत वळून बसले. मागचे उठले. मला वाटलं, दुधाकडे चालले. ते पुढे येत होते. बायका, म्हातारे, कडेवर पोरं घेतलेले बाप, सगळे त्यांच्याभोवती गोळा झाले आणि वाटेतच, मिळेल तिथे खाली बसले. मी विंग सोडून खाली आलो. प्रॉम्प्टिंगची वही कुठे ठेवली ते आठवत नाही.

"गव्हर्नरसाहेब," चीफ म्हणत होते, "तुमच्या कागदात लिहिलंय, बेटावर हात कमी पडतात. मी हात पाहिलेले नाहीत. मी माणसं पाहिली आहेत. रविवारी माझ्यासमोर ती गुडघे टेकतात तेव्हा मी त्यांना नावाने ओळखतो." आणि नावं सुरू झाली. धाकू. सांतान. मान्वेल. रघू भंडारी. इसाक. प्रत्येक नावाला समोर बसलेल्या एकेकाच्या खांद्यावर हात. घशातून वारा जास्त आणि शब्द कमी येत होता, पण हॉलमध्ये दुसरा आवाजच नव्हता. एका मुलाने बापाला काही विचारलं तर बापाने नुसतं त्याला जवळ घेतलं. मी ज्या नावांना मतदारयादी म्हटलं होतं, ती संपू नयेत असं वाटत होतं.

शेवटचं नाव बावतीस. तिथे त्यांचा आवाज पूर्ण गेला. ओठ हलले, बाहेर काही आलं नाही. थांबले. श्वास घेतला. मी कधीही पुढे होऊन ते नाव म्हणू शकलो असतो. म्हटलं नाही, आणि ह्या नाटकात दिग्दर्शक म्हणून मी एवढं एकच शहाणपण केलं. ते पुन्हा म्हणाले आणि ह्या वेळी आलं, फाटकं, लहान, पण पूर्ण. "बावतीस. त्याला घरी जायचं आहे. त्याला घरी जाऊ द्या."

टाळ्या लगेच वाजल्या नाहीत. आधी फिलू वहिनी उठल्या आणि रुमालाने त्यांच्या कपाळावरचा घाम पुसला, नाटक चालू आहे की संपलं याची पर्वा न करता. मग वाजल्या.

गुरुवार, ९ ऑक्टोबर

काल ऑपरेशन झालं. सात तास. डॉक्टर म्हणाले, सगळं निघालंय असं दिसतंय. वहिनींचा मेसेज आला तेव्हा मी जुरोंगला एका जहाजाच्या इंजिनरूममध्ये होतो. आजूबाजूच्या पोरांना कळेना सर असे मधेच का बसले.

रविवार, १२ ऑक्टोबर

आज पहिल्यांदा भेटू दिलं.

गळ्याला नळी, नाकात नळी, चेहरा सुजलेला. डोळे मात्र तेच. पलंगाच्या कडेला एक पांढरी पाटी आणि पेन. वहिनी बाहेर लेकीशी फोनवर बोलत होत्या.

मी बोलायला लागलो आणि थांबेनाच. प्रयोगाबद्दल लोक काय म्हणतात, अनुजाला कोणाकोणाचे फोन आले, वरुणची आई नागपुरात रेकॉर्डिंग लावून बसते, कोणाच्या मुलाने धाकू आणि इसाक कोण म्हणून विचारलं. नर्स आली आणि म्हणाली, "Uncle, softer can or not? He can hear you one, no need to shout lah."

तेव्हा कळलं की मी ओरडत होतो. त्यांचा आवाज गेला म्हणून मी माझा वाढवला होता, जसं काही त्यांचे कानच गेलेत. मी गप्प झालो. पाटी त्यांच्याकडे सरकवली. त्यांनी ती परत सारली.

मग उजवा हात पांघरुणातून बाहेर काढला. तळहात खाली, दोनदा दाबल्यासारखा: हळू. मग तर्जनी माझ्याकडे आणि गोल फिरवली: तुझं मशीन कसं चाललंय?

इंजिनरूममध्ये कोणाचंच कोणाला ऐकू येत नाही. तिथे सगळं बोलणं हाताचंच असतं. माझ्या पहिल्या महिन्यात मी घाबरून जागच्या जागी थिजायचो, तेव्हा लांब जनरेटरपाशी उभे राहून ते मला असंच विचारायचे. रोज, आमच्या चार ते आठच्या वॉचला, म्हणजे पाळीला. तोंडाने बोललेलं आठवतंय त्यापेक्षा आमचं हाताने जास्त बोलणं झालंय, आणि मी इतके दिवस ह्या माणसाचा आवाज जाणार म्हणून रडत होतो.

मी हात हलवून सांगितलं: तापमान जास्त आहे. त्यांचे खांदे हलले. हसत होते. त्यांनी विचारलं: तेल? मी म्हटलं: ठीक. मी विचारलं: दुखतं? त्यांनी अंगठा आडवा धरून हलवला: आहे, चालेल. मग बराच वेळ असंच. कोल्ह्यालाही हात आहेत, आज कळलं, बोटांचे कान करून दाखवले त्यांनी. नातीसाठी तयारी चालू आहे. वहिनी दारात आल्या आणि आम्हाला बघून तशाच उभ्या राहिल्या.

भेटीची वेळ संपली. मी उठलो. त्यांनी मनगटावर दोन बोटं टेकवली, मग चार बोटं उभी धरली आणि माझ्याकडे भुवई उंचावून बघत राहिले.

मी तळहात उघडून वर धरला: कळलं, वॉच घेतली. उद्या चार वाजता.